मीटरच्या खोलीतला भैरोबा

धायरीच्या ज्या वावरात हिंदुरावांनी उभा जन्म कांदा काढला, त्याच वावराच्या दुसऱ्या मजल्यावर ते आता राहत होते. जमीन बिल्डरला दिली, बदल्यात फ्लॅट आले आणि फ्लॅटांच्या मागोमाग सोसायटीचं चेअरमनपद. पद मिळाल्यावर त्यांनी पहिलं काम केलं ते मिशा काळ्या करण्याचं. पण ते राहू द्या.

त्यांची डोकेदुखी होती मीटरची खोली. ती जिन्याखाली. सगळ्या घरांचे मीटर, मेन स्विच, वर जाणाऱ्या जाड केबली, सगळं तिथं. आणि इमारतीला जिना तेवढा एकच. वायरमन नियाज येरवड्याहून स्कूटरवर यायचा आणि दर खेपेला सांगायचा, "आबा, इथं काही पेटलं तर धूर थेट जिन्यात. वरच्या माणसानं उतरायचं कुठनं? खोली मोकळी ठेवा."

पण मोकळी खोली लोकांना बघवते कुठं? जुन्या गाद्या, रंगाचे डबे, गणपतीची थर्माकोलची मखरं, एका नवरा-बायकोच्या भांडणात घराबाहेर पडलेला अख्खा टीव्ही. हिंदुरावांनी पाटी लावली: ‘येथे सामान ठेवू नये.’ पेठेतून राहायला आलेल्या दिगंबरपंतांनी खाली पेन्सिलीनं लिहिलं: ‘मग कुठे ठेवावे, तेही लिहावे.’

तेव्हा हिंदुरावांना युक्ती सुचली. जिन्यात कोणी थुंकू नये म्हणून कोपऱ्यात देवांच्या फरश्या लावतात ना, तशी भैरोबाची एक फरशी आणून त्यांनी मीटरच्या खोलीत, केबलींच्या खाली भिंतीवर, स्वतःच्या हातानं सिमेंटनं पक्की बसवली. बघता बघता खोली स्वच्छ. देवाच्या पायाशी फाटकी गादी कोण टाकणार? चेअरमन पुढं कितीतरी दिवस छाती काढून जिना चढत-उतरत होते.

विसरले ते फक्त आपल्या बायकोला. इमारतीचा पाया खणताना बांधावरचा भैरोबाचा दगड हलवला होता. बिल्डर म्हणाला, देऊळ बांधून देतो. हिंदुरावांनी तेच आनंदीबाईंना सांगितलं. देऊळ नकाशातच राहिलं. आनंदीबाई भांडल्या असत्या तर नवऱ्याला बरं वाटलं असतं. त्या भांडल्या नाहीत. दर रविवारी दिवा लावून हातात घेत आणि कुठं ठेवावा ते न कळून खिडकीशी उभ्या राहत. फरशी बसली, त्या रविवारी त्यांनी दिवा खाली नेला. मग रोजच. मागून बाकीच्या बायका आल्या, उदबत्त्या आल्या, तेलाची बाटली, वातींचा कापूस, नायलॉनचा पडदा. संध्याकाळी तिथं गप्पा अशा रंगत, की कुणाच्या सुनेला काय करायला आवडत नाही, ते मीटरांनासुद्धा पाठ झालं.

पावसाळा सरल्यावर नियाज तपासणीला आला. दाराशी चप्पल काढली, टॉर्च वर मारला आणि तिथंच धरून ठेवला.

"आबा, हात लावू नका, नुसतं बघा."

दिव्याच्या बरोबर वर केबलीचं आवरण काळं पडून मेणासारखं ओघळलं होतं.

"आतली तार उघडी पडली की संपलं," नियाज म्हणाला. "खाली तेल, बाजूला पडदा."

हिंदुराव जिन्याकडं बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "तूच काढ की ती फरशी. वायरमनचा नियम हाय म्हनू. कोन काय बोलंल?"

"केबल मी बदलतो. फरशी नाही काढणार. नियाजनं देव काढला, असं व्हायला किती वेळ लागतो, आबा? माझ्या नावावर नका घालू."

हिंदुरावांच्या मनात नेमकं तेच होतं, आणि ते नियाजला दिसलं याची त्यांना जास्त लाज वाटली.

छिन्नी त्यांनी स्वतः उचलली. केबली अगदी डोक्यावर, म्हणून नियाजनं आधी मेन स्विच बंद केला. ऐन मालिकांच्या वेळेला वीज गेली, तशी सगळी इमारत खाली उतरली. सगळ्यांत पुढं आनंदीबाई, हातात दिवा.

"देवाला रीतसर नोटीस दिलीत ना, चेअरमनसाहेब?" दिगंबरपंतांनी विचारलं.

आनंदीबाईंनी छिन्नी पाहिली. "कुनी सांगितलं काढाय?"

सगळ्या नजरा नियाजकडं वळल्या. त्यानं टॉर्च केबलीवरच धरला.

"मी," हिंदुराव म्हणाले. "मीच बसवला, मीच काढतोय. जागा चुकली, आन् ती मीच निवडली हुती. वर बघ जरा. ह्यो जिना धुरानं भरला तर ही समदी मानसं उतरनार कुठनं?"

आनंदीबाईंनी वर पाहिलं. मग कडेवर पोरं घेऊन उभ्या असलेल्या बायकांकडं. "मागल्या टायमालाबी तुमीच हलवला," त्या म्हणाल्या. "आता कुठं नेताय?"

हिंदुरावांनी बाहेर नजर फिरवली. एवढ्या वावराचा मालक; फ्लॅट नावावर होते, पण देव टेकवायला वीतभर माती नव्हती. सुचली ती एकच जागा.

"गेटजवळ. आपल्या गाडीच्या जागंत, भिंतीला. तिथं वारं बी हाय, वायर बी न्हाई."

"आन् गाडी?"

"ऱ्हाईल रस्त्यावर."

दिगंबरपंतांनी यावर काहीच टोमणा मारला नाही. लोक त्याचीच चर्चा नंतर जास्त करत होते.

आनंदीबाईंनी फुलानं दिवा शांत केला, बाजूला ठेवला आणि फरशीखाली दोन्ही हातांनी पदर धरला.

"हळू मारा," त्या म्हणाल्या. "कोपरा उडंल."

कोपरा उडालाच. देव मात्र शाबूत पदरात आला.