ऑपरेटरमामांची साबणाची फिल्म

मी बी.ए. झालो तो ऑपरेटरमामांमुळे. कामठ्याहून गोंदियाला शिकायला आलो तेव्हा त्यांनी मला घरी ठेवून घेतले. नात्याने ते माझे कोणी नव्हते. टॉकीजमध्ये मशीन चालवत आणि सारे गाव त्यांना मामा म्हणे.

बाजारातून जाताना ते भिंतीवरची प्रत्येक जाहिरात मोठ्याने वाचत आणि शेवटी "कायले?" म्हणजे "कशाला?" असे विचारत. चहा प्या, ताकद येईल. कायले? एकदा मी तोंडाला लावायच्या स्नोची डबी आणली. "काल तुहा चेहरा खराब होता का रे?" एवढेच ते म्हणाले. डबी मी पुन्हा उघडली नाही.

खेळाआधी जाहिरातींच्या फिती लागत. तुटलेले तुकडे मामा जपून ठेवत. वर्षभर खपून त्यांनी ते जोडले. तीच बाई, तोच साबण, तेच हसू, पुन्हा पुन्हा. मध्येच काळ्या फितीवर सुईने खरवडून रेखाटलेला साबणाचा डबा उघडे आणि रिकामा निघे.

"लोकायनं एक डाव तरी विचारलं पायजे, कायले म्हणून."

ही फिल्म ते टॉकीजमध्येच दाखवणार म्हणून माझा जीव थाऱ्यावर नव्हता. साबणाची एजन्सी टॉकीजच्या सेठजींकडेच होती. मामी रडकुंडीला आल्या. "नवकरी गेली तं जावाचं कुठं?"

"गेली तं गेली," मामा म्हणाले.

रविवारी दुपारच्या खेळाला फिल्म लागली. मी सेठजींच्या मागेच बसलो होतो. बाई दहाव्यांदा हसली तसे सेठजी लालबुंद होऊन वळले. "ये क्या तमाशा है?"

माझ्या तोंडून निघून गेले, "आपके साबुन का नया इश्तहार है, सेठजी."

ते पुन्हा पडद्याकडे वळले. डबा उघडला. रिकामा. त्यांनी मांडीवर थाप मारली. "वाह! सारा माल बिक गया! रोज दिखाओ!"

मशीनच्या घरघरीत मामांना यातले काही ऐकू गेले नाही. खेळानंतर सेठजींनी इश्तहाराचे बक्षीस म्हणून साबणाच्या वड्या त्यांच्या हातात ठेवल्या. घरी येऊन मामांनी कात्रीने फिल्मचे तुकडे केले. "कोनालेच समजलं नाही रे."

मी गप्प बसलो. नागपूरला कॉलेजात गेलो तरी गप्पच. निकाल लागला त्या दिवशी पत्र लिहिले:

"तीर्थस्वरूप मामांस साष्टांग नमस्कार. बी.ए. पास झालो. एक गोष्ट सांगायची राहिली आहे. ती जाहिरात आहे असे सेठजींना मीच सांगितले. तुमची नोकरी जाईल, माझे शिक्षण सुटेल, म्हणून भ्यालो. आणखी एक. त्या दुपारी माझ्या मागे बसलेली एक म्हातारी शेजारणीला विचारत होती, 'हे बाई कायले हासून राहिली वं?' मी ऐकले होते, मामा."