न विचारता ऐकवलेला आवाज

तुमच्या फोनमध्ये कोणाकोणाचा आवाज त्यांना न सांगता साठला आहे? चाळीसगावच्या एका कापसाच्या जिनिंग कारखान्यात काम करणाऱ्या अक्कांनी मला फोनवर मुकादमाची शिवीगाळ सांगितली होती. माझ्या फोनवर प्रत्येक कॉल आपोआप रेकॉर्ड व्हायचा. आमच्या कामगार संघटनेच्या पत्रकात मी त्यांचं नाव छापलं नाही, पण कारखान्याच्या गेटसभेत तो आवाज स्पीकरवर ऐकवला. सोबतच्या बायकांनी तो लगेच ओळखला, मुकादमानेही. दुसऱ्या दिवशी त्याने अक्कांना गेटवरूनच परत पाठवलं. मी माफी मागायला गेलो. "मी तुले सांगेल व्हतं भाऊ, बठ्ठा गावले नही," एवढंच त्या म्हणाल्या. सांगितलं होतं ते मला, सगळ्या गावाला नाही. तुमच्या फोनमधलं आपोआप रेकॉर्डिंग आज बंद करा. पुरावा लागणारच असेल, तर तो कोणाला ऐकवणार हे सांगून आधी परवानगी घ्या.