धुक्यातली वास्तुशांत

मी चाकणच्या एका कंपनीत क्वालिटीला आहे. म्हणजे दुसऱ्यानं बनवलेल्या पार्टमध्ये खोट काढायची आणि त्याचा पगार घ्यायचा. केसाएवढा ओरखडाही माझ्या नजरेतून सुटत नाही अशी शिफ्टमध्ये माझी ख्याती आहे, आणि ती बरीचशी मीच पसरवलेली आहे. हे आधी सांगितलेलं बरं, कारण पुढं जे झालं त्यात माझी अब्रू फारशी शिल्लक राहत नाही.

मोशीत आम्ही स्वतःचं घर घेतलं, तेव्हा मला एकच गोष्ट हवी होती: आईनं ते येऊन बघावं. आई लातूरकडं गावी, थोरल्या भावाजवळ राहते. तिला दमा आहे, आणि आमच्या भागाबद्दल तिचं मत ठाम आहे. तिकडं कंपन्यांचा धूर असतो, त्यात माणूस जगत नाही, नुसता खोकत राहतो. माझ्या लग्नाला इतकी वर्षं झाली, पण ती एकदाही इकडं फिरकली नव्हती. वास्तुशांतीलाही नाहीच म्हणाली.

"तुमचं चांगलं होऊ द्या लेका. माझा जीव गुदमरंल तिकडं," एवढं बोलून तिनं फोन वहिनीच्या हातात दिला.

मला राग आला. खरं तर वाईट वाटलं होतं, पण मला वाईट वाटलं की ते रागासारखंच बाहेर येतं. वास्तुशांतीच्या दिवशी मी मंडपवाल्यावर, आचाऱ्यावर आणि दोनदा गुरुजींवरसुद्धा डाफरलो. बायको शांत होती. तिनं परस्पर ठरवून टाकलं होतं: पूजा होऊ दे, होम होऊ दे, पण नव्या घरात दूध उतू घालायचं ते आईंच्याच हातानं. त्या येतील तेव्हा घालू.

"आणि नाही आल्या तर?"

"येतील की," ती म्हणाली आणि कामाला लागली. तेव्हापासून तिनं रोजचं दूध उतू जाऊ नये म्हणून असा पहारा धरला, की दारावरची बेल वाजली तरी ती गॅसपासून हलत नसे.

आईला घर दिसावं म्हणून त्याच दिवशी मी फोनवर भराभर फोटो काढले. व्हिडिओ कॉल तिच्या गावात अडकत अडकत चालतो, माणसांच्या चेहऱ्यांचे चौकोन होतात. त्यापेक्षा फोटो बरे. एक अल्बम केला, त्याची लिंक वहिनीला, सगळ्या नातेवाइकांना आणि शिफ्टमधल्या मित्रांना पाठवली. ज्यांनी फोटो काढलेत त्यांनीही आपापले टाका, असं लिहिलं. काढताना फोटो जरा धुरकट दिसत होते, पण होम चालू होता, धूर असणारच. मी तिकडं लक्ष दिलं नाही.

संध्याकाळी आईचा फोन आला.

"बगितले रे फोटू. केवढा धूर! माणसं दिसंनात. तू मला घरात बोलवायलास का चुलीत?"

"आई, तो होमाचा धूर होता."

"आन् गच्चीवर काय होम होता का? तिथं बी तसंच हाय. मी म्हनत होते तेच खरं निघालं."

मी अल्बम उघडून नीट बघितला. स्वयंपाकघर, बेडरूम, गच्ची, पार्किंग, सगळीकडं धुकं. दिव्यांभोवती तर अशी वलयं आली होती, जणू आमच्या हॉलमध्ये देव प्रकट झालेत. बायकोनं माझा फोन उलटा केला, कॅमेऱ्यावरून बोट फिरवलं आणि ते बोट माझ्यासमोर धरलं. बोटाला डिंक लागला होता.

आमच्याकडं कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीवाले फोनच्या कॅमेऱ्यावर स्टिकर लावतात, आत कुणी फोटो काढू नये म्हणून. सुट्टी झाली की आपण ते ओरबाडून काढायचं आणि घरी यायचं. स्टिकर निघतं, त्याचा डिंक थोडा थोडा राहतो. लोकांच्या मालात केसाएवढी खोट शोधणारा मी, आणि माझ्याच कॅमेऱ्यावर कित्येक महिन्यांचा डिंक.

मग वाटलं, मित्रांचे फोटो असतील की. तेही अल्बममध्ये येऊन पडले होते. उघडले तर तिथंही धुकं. आमचे पाहुणे कोण? कुणी चाकणला, कुणी भोसरीला, कुणी तळवड्याला कामाला. प्रत्येकाच्या कॅमेऱ्यावर कुठल्या ना कुठल्या गेटचा डिंक.

एकाला फोन केला तर तो म्हणाला, "राव, मला वाटलं माझा फोनच गेला. नवीन घ्यायच्या विचारात होतो."

दुसऱ्या दिवशी कॅमेरा स्वच्छ पुसून मी घराचे नवे फोटो काढले. आरशासारखे आले. आईनं तेही बघितले आणि म्हणाली, "हे तू मला दाखवायसाठी काढलेस. माणसं होती त्या दिवशीचेच खरे." तिच्याशी वाद घालायची सोय नाही. मी तिचाच मुलगा आहे, मला माहीत आहे.

तिला त्याच दिवसाचे, पण स्वच्छ फोटो हवेत, आणि कंपनीत न जाणारा माणूस आमच्या ओळखीत नाही, असं मी बायकोला सांगत होतो. ती म्हणाली, "मावशी?"

मावशी म्हणजे आमची जुनी घरमालकीण. इथलीच, पिढ्यान्‌पिढ्यांची शेतकरीण. आम्ही तिच्या खोलीत भाड्यानं राहायचो. आम्ही तिच्या घरी गेलो आणि विचारलं, वास्तुशांतीला फोटो काढले होते का.

"व्हय, काढलेत की. पन द्यायचं कुनाला ठावं न्हाई, म्हनून ऱ्हायले तसंच."

"मावशी, तुमचा फोन कधी कंपनीत गेलाय का?"

"माजी जिमीन गेली कंपनीत. मी न्हाई गेले," मावशी म्हणाली आणि तपकिरी दात दाखवून हसली.

फोटो अगदी लख्ख होते. मात्र काय काढावं याचा तिला काही धरबंध नव्हता. दारातल्या चपला, जांभई देणारे गुरुजी, आचाऱ्यावर ओरडणारा मी, बायकोचे हळदीनं पिवळे झालेले हात. गच्चीवरून समोरच्या बिल्डिंगमधल्या वाळत घातलेल्या कपड्यांचाही एक. मला हसू आवरेना, पण बायकोनं तिथंच बसून सगळे अल्बममध्ये टाकले.

आईचा फोन आला नाही. मी आशा सोडली होती. मग वहिनीनं सांगितलं, "आई सारखा एकच फोटो मोठा करून बघायलेत. कपड्यांचा."

मी आईला फोन लावला. "काय आहे गं त्या कपड्यांत?"

"समोरच्या बाईनं पांढरं धोतर वाळू घातलंय," ती म्हणाली. "काठापत्तर बगितलं. कुठं काजळीचा ठिपका न्हाई. धूर असता तर पांढरं ऱ्हायलं असतं का?"

ख्याती माझी होती, पण नजर कुणाकडून आली ते तेव्हा कळलं.

"मग येतेस?"

"पंप भरून घेते औषधाचा. मग येते."

ती आली. बसमधून उतरल्यावर आधी तिनं मान वर करून हवेचा वास घेतला. "वास हाय थोडा," म्हणाली. तिचं चुकत नव्हतं.

घरी मावशी आधीच येऊन बसली होती. बायकोनं दूध गॅसवर ठेवलं. मी फोन काढला, तशी आईनं हात पुढं केला. माझा फोन घेऊन कॅमेरा पदरानं खसाखसा पुसला, उजेडात धरून बघितला आणि मला परत दिला. "आता काढ."

दूध वर यायला लागलं. बायकोचा हात सवयीनं बटणाकडं गेला. आईनं तो धरला. "जाऊ दे गं, बाई. त्याच्यासाठीच आलेय की मी." दूध उतू गेलं, गॅसवर चर्र झालं, मावशीनं हात जोडले. मला रडू आलं, आणि त्या भरात मी फोटो काढला.

बघितला तर पांढरा धुरकट. गरम दुधाची वाफ थेट कॅमेऱ्यावर आली होती. मी तो पुसून टाकायला निघालो, तेवढ्यात आई जवळ आली आणि फोन डोळ्यांपाशी धरून बराच वेळ बघत राहिली.

"असू दे," ती म्हणाली. "ही वाफ हाय. टाक अल्बममधी."