मावशीच्या मोबाईलवरचं ‘पसंत’

हे मी आजवर कुणापाशी बोललो नाही. बायकोपाशीसुद्धा नाही — आणि तिच्यापासून माझं फारसं काही लपत नाही. तुम्ही ना माझ्या नात्यातले, ना धंद्यातले. तुम्हाला सांगितलेलं बरं.

नांदेडात वेबसाइट बनवायचा माझा धंदा आहे आणि मी तो चांगला करतो. उगाच नम्रपणा दाखवणार नाही. लातूरच्या एका वधू-वर मंडळाची साइट माझीच. दोन्ही घरांनी ‘पसंत’ दाबलं की मगच एकमेकांचे नंबर दिसायचे — ही कल्पनाही माझीच. मंडळाच्या बैठकीत मी छाती पुढे काढून सांगितलं होतं, कोणत्याही मोबाईलवर उघडा, चालणारच.

तपासली होती फक्त क्रोमवर आणि माझ्या आयफोनवर. स्वस्त मोबाईलमध्ये कंपनी आपलाच एक ब्राउझर घालून देते, तसल्यांच्या नादी मी लागलो नाही. सगळेच तपासत बसलो तर साइट द्यायची कधी? कुठेतरी रेघ ओढावीच लागते. ती निवड मला आजही गुन्हा वाटत नाही. मग कबुली कसली? — थांबा, येतोय तिथे.

हिमायतनगरच्या मावशीने रेणुकासाठी, म्हणजे माझ्या मावसबहिणीसाठी, लातूरचं एक स्थळ निवडलं. मुलाचं औषधाचं दुकान, फोटोत हसरा. रेणुकाला तो मनापासून आवडला होता. मावशीने ‘पसंत’ दाबलं आणि दोघी वाट बघत बसल्या. तिकडून काहीच नाही. पुढे मावशी आमच्याकडे नांदेडला आली, तेव्हा मी सहज तिच्या मोबाईलवर ते बटण दाबून पाहिलं. ढिम्म. लॅपटॉपवर साइटच्या आत शिरून पाहिलं — मुलाकडची पसंती केव्हाच आलेली होती. आमची पोचलीच नव्हती.

मावशी समोरच बसली होती. म्हणाली, “पोरगी सावळी हाय माझी, म्हणून आवडली न्हाई त्यायला. तू कशाला बघून राहिलास आता?”

मला एवढंच म्हणायचं होतं — मावशी, आवडली आहे. लातूरला एक फोन, बस्स. पण मग बटण का चाललं नाही तेही सांगावं लागलं असतं. मावशीची पसंती मी आतून गुपचूप चढवली असती, तरी इतक्या उशिरा का, असं मुलाकडच्यांनी विचारलंच असतं. मंडळाला कळलं असतं. आणखी किती घरांचं असं झालं, असं कुणीतरी विचारलंच असतं. मी म्हणालो, “जाऊ दे मावशी, दुसरं बघू.” म्हणजे ती जे म्हणाली त्याला मी होच म्हणालो — नाही का?

मावशी गेल्यावर बटण दुरुस्त केलं. कुणाला पत्ता लागला नाही. काही दिवसांनी त्या मुलाचं दुसरीकडे जमलं. त्याच्या फोटोवर ‘लग्न जमले’ हे मीच चढवलं. तेव्हा लाज वाटली. अजून वाटते.

गेल्या महिन्यात रेणुकाने साइटसाठी नवा फोटो पाठवला. खाली एवढंच लिहिलेलं — दादा, जरा गोरा करून टाक.

मी केला. हलक्या हाताने, केल्याचं कळणार नाही असा. आणि या खेपेला एकूण एक ब्राउझरवर तपासला — मावशीच्या मोबाईलवरच्यासुद्धा. सगळीकडे ती गोरी दिसते.