सगळं खरं धरून

किल्लीमामांना उभ्या आयुष्यात कुलपाची भीती वाटली नव्हती, माणसांची तर नाहीच. पण गेले सात महिने दाराशी खुट्ट झालं तरी ते दचकत होते. त्यांच्यावर घरफोडीला मदत केल्याची तक्रार होती. तीस वर्षं लोकांची दारं उघडून देणाऱ्यावर असली तक्रार झाल्यावर धंद्यात उरतं काय? टपरीकडे कुणी फिरकेना. ज्यांची कपाटं मामांनी हसत-खेळत उघडून दिली होती, तेसुद्धा त्यांना बघून रस्ता ओलांडू लागले. कानशी, हुक आणि कच्च्या किल्ल्यांची पेटी पोलिसांनी नेली ती नेलीच.

झालं होतं ते एवढंच. भरदुपारी एका बाईने बोलावलं, किल्ली हरवली म्हणाली. मामांची जुनी सवय होती. गिऱ्हाईक कितीही मोठं असो, आधी विचारायचं, "दार उघडल्यावर समोर काय दिसेल?" घर ज्याचं असतं तो पटकन सांगतो, चोर आठवत बसतो. बाई म्हणाली, "भिंतीला टेकवलेली इस्त्रीची फळी, तिच्यावर माझी हिरवी शाल." दार उघडलं. फळी होती, शालही होती. मामा आपले निघून आले. नवरा-बायकोचं भांडण झालंय आणि ते नवं कुलूप नवऱ्याने लावलंय, हे मामांना काय स्वप्नात दिसणार होतं?

नवऱ्याने तक्रारीत लिहिलं, मी कामावर असताना माझी बायको किल्लीवाल्याला घेऊन घरी आली, त्याने काहीही न विचारता कुलूप उघडलं आणि ती तिचे कपडे नि दाखले घेऊन गेली.

खटला उभा राहण्याआधीच ही तक्रार रद्द करा, असा अर्ज मामांच्या वकीलबाईंनी केला होता. कोर्टाच्या जिन्यात त्या म्हणाल्या, "मामा, आज तुम्ही तोंड उघडायचं नाही. आज फक्त तक्रार वाचतील."

"पण मी विचारलं होतं तिला."

"तो पुराव्याचा भाग झाला, तो खटल्यात. अर्ज फेटाळला तर मग आहेच की, पाच-सहा वर्षं."

पाच-सहा वर्षं. पेटी तोवर गंजून जाईल, आणि आपलंही काय व्हायचं ते होईल.

न्यायाधीशांनी चष्मा पुसला. "तक्रारीतला शब्द न् शब्द खरा आहे, असं धरून चालू," ते म्हणाले.

खरा धरला म्हणजे संपलंच की. मामांनी बाकाची कड घट्ट धरली.

"ही बाई त्याच घरात राहत होती?" न्यायाधीशांनी नवऱ्याच्या वकिलाला विचारलं.

"हो, पण..."

"आणि नेलं ते तिचंच सामान?"

"तक्रारीत तसंच आहे, साहेब."

"मग किल्लीवाल्याने काही न विचारता दार उघडलं असं धरलं, तरी यात गुन्हा कुठला?"

वकील कागद चाळत राहिला. थोड्या वेळाने न्यायाधीशांनी सांगितलं, तक्रार रद्द, पेटी परत द्या. वकीलबाईंनी कोपराने ढोसलं तेव्हा कुठे मामांना कळलं.

बाहेर आल्यावर त्यांनी विचारलं, "म्हणजे मी विचारलं होतं, हे पटलं त्यांना?"

"ते त्यांनी बघितलंच नाही. तुम्ही विचारलं नाही असं धरूनही सुटलात. याहून पक्कं काय हवं?"

मामांना हवं होतं. ते जिना उतरू लागले.

घरी मामींनी निकालाचा कागद दोनदा वाचला. "सुटलो एकदाचे," म्हणत डोळे पुसले, चहा टाकला. कप पुढे ठेवून त्या तिथेच उभ्या राहिल्या.

"अहो, पण विचारलं होतंत ना तुम्ही तिला?"

सात महिन्यांत हा प्रश्न मामांना कुणीच विचारला नव्हता, पोलिसांनी नाही की कोर्टाने नाही. त्यांनी बायकोकडे पाहिलं. कोर्टात वाटली नव्हती इतकी भीती त्यांना वाटली; म्हणजे सात महिने हिच्याही मनात शंका होती.