भावाचा उजवा गुडघा

शनिवार, १ जून १९८५, सकाळी साडेनऊ. विद्यापीठातल्या आमच्या प्रयोगशाळेत माझा धाकटा भाऊ टेबलावर उताणा पडला होता आणि मी कोनमापकाची एक पट्टी त्याच्या मांडीला व दुसरी पोटरीला लावून उजवा गुडघा किती वाकतो ते मोजत होते. १३८ अंश, डाव्यापेक्षा जेमतेम चारने कमी. शरीराच्या हालचालींचं यांत्रिकी हाच माझ्या पीएच.डी.चा विषय असल्याने मी निष्कर्षही लगेच दिला: सैन्यभरतीच्या वैद्यकीय तपासणीत या गुडघ्याची अडचण येऊ नये.

भाऊ व्यावसायिक फुटबॉलपटू होता. इथे अमेरिकेत ज्याला सॉकर म्हणतात, तो फुटबॉल. शॉमबर्गमधल्या आमच्या ओळखीच्या मराठी घरांत हा खेळ पोटासाठी खेळणारा तेव्हा तो एकटाच. "अमेरिकेत येऊन फुटबॉल? मेडिकल कॉलेजं बंद पडली होती का?" असं एक काकू त्याला प्रत्येक भेटीत विचारत, आणि तो न चुकता म्हणे, "वेटिंग लिस्टवर आहे, काकू." चार हंगाम तो खेळला. मधे गुडघ्यातली कूर्चा फाटली, शस्त्रक्रिया झाली, तो पुन्हा मैदानात उतरला. पुढे प्रेक्षक आटले, मालकाने संघ गुंडाळला. काही महिने सोफ्यावर काढल्यानंतर त्याने सैन्यात जायचं ठरवलं.

आईला ते मुळीच मान्य नव्हतं. "तुझे आजोबा पलटणीत गेले, कारण गावात आपल्याला दुसरं दारच उघडं नव्हतं," ती म्हणाली. "तुला इथे सतरा दारं आहेत."

"मला दार नकोय, आई. टीम पाहिजे, यार."

"मी तुझी यार आहे का?"

बाबांनी पेपरातून डोकं वर काढलं. "त्या खेळात रेफरी नसतो, एवढं लक्षात ठेव."

माझा निष्कर्ष पुढच्याच रविवारी कोसळला. त्या दिवशी आमच्याकडे बुद्धवंदना होती. गालिच्यावर पांढऱ्या चादरी अंथरल्या होत्या आणि जमलेली सगळी मंडळी गुडघे टेकून, हात जोडून त्रिशरण म्हणत होती. एरवी मी डोळे मिटून घेते. पण मेणबत्त्या लावायचं काम माझ्याकडे असल्याने मी पुढे, सर्वांकडे तोंड करून होते. भाऊ मागे बसला होता, उजवी बाजू भिंतीला लावून. नमस्कार करून सगळे टाचांवर बसले, तेव्हा त्याने सारा भार डाव्या अंगावर घेतला आणि उजवा पाय भिंतीकडेने अलगद लांबवला. हालचाल इतकी सफाईदार होती, की ती त्या दिवसापुरती नव्हती हे उघड होतं.

पाहुणे गेल्यावर मी त्याला गराजमध्ये गाठलं. "कधीपासून?"

"ऑपरेशनपासून."

"टेबलावर बोलला का नाहीस?"

"टेबलावर दुखत नाही, ताई. आणि ट्रेनरला नेहमी चांगली बाजू दाखवायची, हे मी पहिल्याच सीझनला शिकलो. खरं सांगितलं की बेंचवर बसवतात."

आडवं पडून वाकणारा गुडघा आणि शरीराचं ओझं घेऊन वाकणारा गुडघा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. भरतीच्या तपासणीत तर उकिडवं बसून, बदकासारखं, डॉक्टरांसमोर चालून दाखवावं लागतं. मी त्याला वॉशिंग मशीनशेजारी उकिडवं बसायला लावलं. ९४ अंशांवर तो अडकला आणि त्याचा चेहरा पांढरा पडला.

शस्त्रक्रिया करणाऱ्या डॉक्टरांनी गुडघा पुन्हा तपासला. सांधा शाबूत होता. त्यावर भार घेणं वर्षानुवर्षं चुकवल्यामुळे मांडीचे स्नायू दुबळे पडले होते. म्हणजे प्रश्न सुटण्यासारखा होता. रोज संध्याकाळी स्वयंपाकघरातल्या ओट्याला धरून तो आदल्या दिवसापेक्षा थोडा अधिक खाली जाई आणि मी मोजत असे. आई भाकऱ्या थापत पाठमोरी उभी राही. आठवड्याभराने एकदा ती मान न वळवता म्हणाली, "टाच उचलतोय तो."

"तुला तर तो जायला नकोय ना?"

"नकोच आहे. पण नाही म्हणायचं तर त्याने म्हणावं. गुडघ्याने कशाला?"

तपासणीच्या दिवशी तो पहाटेच निघाला. मी प्रयोगशाळेत गेले नाही. गेले असते तरी हातून काही झालं नसतं. माझा पहिला निष्कर्ष चुकला होता, आणि तपासणीत तो नापास झाला असता तर त्याच्यापाशी दुसरा संघ उरला नव्हता. चारच्या सुमारास तो दारातून आत आला. मी आधी पावलं पाहिली. दोन्ही सारखी पडत होती.

"चालायला लावलं?" आईने विचारलं.

"हो. सगळे चड्डीवर, रांगेत. माझ्या पुढचा तर धपकन बसलाच."

"आणि तू?"

"डॉक्टर म्हणाला, नेक्स्ट."

आईने गॅस बंद केला, खुर्ची ओढून बसली आणि पदराने तोंड पुसता पुसता हसू लागली. "जा मग," ती म्हणाली. "पत्रं मराठीत लिही." बाबांनी पेपराची घडी घातली आणि त्याच्यापुढे ताट ठेवलं.

ताट घेऊन भाऊ मुद्दामच ओट्याशी उकिडवा बसला, टाचा फरशीला टेकवून. तो जेवत असतानाच मी कोनमापक लावला. उजवा गुडघा, पूर्ण भाराखाली: १२७ अंश.