क्लॅपच्या अलीकडे

गिस्लेन पेरोचा नवरा आर्मां जवळजवळ रोज पडद्यावर यायचा आणि ती त्याला कापून टाकायची. तो क्लॅप धरणारा. कॅमेऱ्यासमोर पाटी धरायची, शॉटचा आकडा आणि तो कितव्यांदा घेतला जातोय ते पुकारायचं, फळी आपटायची आणि वाकून बाजूला व्हायचं. पॅरिसच्या वेशीवर, बियांकूरच्या स्टुडिओमागच्या खोलीत गिस्लेन संकलन करी. त्या फळीच्या आवाजावर चित्र आणि ध्वनी जुळवायचे नि मग तेवढा तुकडा छाटायचा, हे तिचं पहिलं काम. त्यांच्या संसाराची थट्टा झाली नसती तरच नवल.

ती शिवणकाम करणाऱ्या बाईची मुलगी. शाळा सुटताच फिल्म चिकटवायला लागली, कारण कात्री हे बायकांचं काम, असं स्टुडिओवाल्यांचं ठाम मत होतं. पुढे तिच्या चित्रपटांना बक्षिसं मिळाली. ती घ्यायला दिग्दर्शक जात. नामावलीत तिचं नाव येई, तेव्हा प्रेक्षक अंधारात जागा शोधत असत.

चित्रित केलेला माल धुऊन दोन दिवसांनी तिच्या टेबलावर येई. तो आधी तीच बघणार, हे आर्मांला ठाऊक. म्हणून आकड्याआधी तो घरचे निरोप घाली.

"अगं, कोळसेवाला येऊन गेला. एकोणीस, दुसरा."

"तुझ्या बहिणीचा फोन होता. तू मेलीस म्हणून सांगितलं. सदतीस, पहिला."

निरोप पोचेपर्यंत कोळसा जळूनही गेलेला असे. पण घरी हा माणूस मीठ मागण्यापलीकडे तोंड उघडत नसे, त्यामुळे शिळं का होईना, बोलणं असं ते एवढंच. ती एकटीच हसे आणि कापे.

मग एका वसंतात निर्माता घाईत होता. माल गिस्लेनच्या कात्रीखाली जाण्याआधीच त्याने सगळ्यांसमोर पडद्यावर लावायला सांगितला. आर्मां उगवला. "काल फार घोरलीस गं. आठ, चौथा."

सगळी खोली हसली. गिस्लेनही हसली, आणि रात्री सूप वाढताना म्हणाली, "माझी शोभा करून झाली असेल तर यापुढे आकडा सांग आणि बाजूला हो."

"बरं," आर्मां म्हणाला, आणि पाव मोडला.

शरदात मंडळी ब्रिटनीच्या किनाऱ्यावर शूटिंगला गेली. तिथे एका दुपारी जेवण झाल्यावर आर्मां उपड्या होडीला टेकून झोपला आणि उठलाच नाही. त्याला पॅरिसला आणून पुरलं. मागाहून किनाऱ्यावर चित्रित केलेल्या फिल्मचे डबे आले.

"हे दुसऱ्या कुणाकडे देऊ या का, बाई?" दिग्दर्शक देल्मासने विचारलं.

"माझ्याच टेबलावर येऊ द्या."

तिला एवढंच बघायचं होतं, की निर्माता शंभर कोस दूर असताना आर्मांने मध्येच काही निरोप घुसडला आहे का. या माणसाने आयुष्यात कुणाचं ऐकलं नव्हतं, यावर तिची सारी भिस्त होती.

पहिल्या रिळात आकडे. दुसऱ्यातही आकडे. वाऱ्याने केस उडताहेत, घसा बसलाय, आणि आकडे.

देल्मास मागच्या स्टुलावर येऊन बसला. "तिकडे अगदी गप्प असायचा हो. पोरं डिवचायची, काय आर्मां, बायकोला निरोप नाही आज? तर म्हणायचा, बंद केलंय, तिला आवडत नाही."

गिस्लेनने पुढचं रीळ चढवलं. ते शेवटचं होतं.

आर्मां कॉलर वर करून आला. पाटी धरली. भिंगात सरळ बघितलं. तोंड उघडलं आणि तसंच थोडा वेळ उघडं राहिलं. मग त्याने ते मिटलं, आकडा पुकारला आणि फळी आपटली.

तिने फिल्म मागे नेली. पुन्हा पाहिलं. पुन्हा मागे नेली.

"काही म्हणतोय का?" देल्मासने विचारलं.

"पंचावन्न, दुसरा म्हणतोय."

देल्मास स्टुलावरून उठला. "बाई, हा शॉट लागेल आपल्याला."

"उद्या कापते," ती म्हणाली.

आणि दुसऱ्या दिवशी तिने तो कापला, नेहमीप्रमाणे फळीच्या बरोबर पुढे. शॉट चांगलाच होता. समीक्षकांनी त्यातल्या समुद्राचं कौतुक केलं.